पडद्यावरील विनोद आणि संकलक : रेणू सलुजा यांच्या कार्याच्या संदर्भात

प्रस्तावना : विनोदाचे श्रेय लेखकास व नटास मिळते, तो नेमक्या क्षणी घडवून आणणारा संकलक मात्र श्रेयनामावलीतील एका ओळीपुरता उरतो. प्रस्तुत लेखात रेणू सलुजा (१९५२–२०००) यांच्या कार्याच्या आधारे विनोदनिर्मितीतील संकलकाचे स्थान स्पष्ट करण्याचा प्रयत्न केला आहे.

विरामाचे महत्त्व : अमरावती जिल्ह्यातील शेंडगावी जन्मलेले संत गाडगेबाबा कीर्तनात प्रश्न विचारून श्रोत्यांच्या उत्तरासाठी थांबत. किती थांबावे, हे समोरचा समुदायच सांगे. चित्रित विनोदात असा समुदाय नसतो. तेथे वाक्य कोठे तोडावे, ऐकणाऱ्याचा चेहरा केव्हा व किती काळ दाखवावा, हे संकलक ठरवितो.

सलुजा यांचे कार्य : पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलनाचे शिक्षण घेतलेल्या सलुजा यांनी कुंदन शाह दिग्दर्शित 'जाने भी दो यारो' (१९८३) या चित्रपटाचे संकलन केले. त्या काळी फिल्मची पट्टी प्रत्यक्ष कापून जोडावी लागे. द्रौपदी वस्त्रहरणाच्या नाट्यप्रयोगात द्रौपदीच्या वेषातील प्रेत, आगंतुक पात्रे व गोंधळलेला धृतराष्ट्र यांच्यात दृश्य सतत फिरते; तरीही कोण कोणाच्या मागे आहे, हे प्रेक्षकास उमगते. गोंधळ पात्रांचा, स्पष्टता संकलकाची.

पुढे 'परिंदा', 'धारावी', 'सरदार' व 'गॉडमदर' या चित्रपटांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार लाभले. हे चारही चित्रपट गंभीर प्रकृतीचे होत, ही बाब लक्षणीय आहे. 'जाने भी दो यारो'चा राष्ट्रीय पुरस्कार दिग्दर्शकीय पदार्पणाबद्दल शाह यांना मिळाला.

दूरचित्रवाणी व बोली : शाह यांनी पुढे 'नुक्कड' (१९८६) व 'वागळे की दुनिया' (१९८८) या मालिकांद्वारे विनोद दूरचित्रवाणीवर नेला. येथे भागाची लांबी ठरलेली असल्याने कात्री अधिक कठोर होते. २०१४ मध्ये सुरू झालेल्या 'चला हवा येऊ द्या' या कार्यक्रमातून भारत गणेशपुरे यांची वऱ्हाडी घरोघरी पोहोचली. या बोलीतील हेल व वाक्यापूर्वीचा थांबा हाच विनोदाचा अर्धा भाग असतो. वेळ वाचविण्यासाठी तो कापला गेल्यास शब्द शिल्लक राहतात, वऱ्हाडी माणूस मात्र केवळ थट्टेचा विषय ठरतो.

निष्कर्ष : संकलन ही तांत्रिक जुळवणी नसून अर्थनिर्मिती आहे. म्हणून महाविद्यालयीन अध्यापनात विनोदी मालिकेचा विचार करताना संहिता व अभिनय यांच्या बरोबरीने संकलनाचीही चिकित्सा होणे आवश्यक आहे.