शेकोटीचं नाव, घरोघरची भाषा

‘दोन मुलं’ एवढे दोनच शब्द घेऊ. पश्चिम केनियातल्या विहिगा भागात लोगोली बोलणारी आई म्हणेल, ‘अवाना ववीली’. तिथून वायव्येला मुमियासकडे गेलं, की वांगा बोलणारी आई म्हणेल, ‘अबाना बबीली’. आणखी वर, एल्गॉन पर्वताच्या बाजूला, बुंगोमातल्या बुकुसू घरात ‘बबाना बबीली’ ऐकू येईल. मुलं तीच, आकडा तोच. कुठे ‘व’चा ‘ब’ होतो, कुठे पुढे एक जास्तीचा ‘ब’ येऊन बसतो. बारा कोसांवर भाषा बदलते हे आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत, त्यामुळे यात नवल वाटणार नाही. नवल पुढे आहे. या तिन्ही आया स्वतःला लुया म्हणवतात आणि ‘लुया’ नावाची बोलती भाषा मात्र कुणाच्याच घरात नाही.

नकाशांवर आणि बातम्यांत हे नाव लुह्या असंही लिहिलेलं दिसतं. २०१९च्या जनगणनेत केनियात लुया लोक ६८ लाखांहून अधिक निघाले. किकुयूंच्या खालोखाल हाच देशातला सगळ्यात मोठा समाज. काकामेगा, बुंगोमा, विहिगा आणि बुसिया हे चार जिल्हे त्यांचे. व्हिक्टोरिया सरोवराच्या उत्तरेचा हा भाग, पाऊस भरपूर, माती चांगली आणि वस्ती दाट. मका, ऊस, चहा, केळी पिकतात. विहिगाकडे तर शेताचे तुकडे इतके लहान झालेत, की एका घराचं अंगण कुठे संपतं आणि दुसऱ्याचं शेत कुठे सुरू होतं ते परक्याला कळू नये. बुकुसू, लोगोली (यांनाच मारागोली म्हणतात), वांगा, न्योरे, इसुखा, इदाखो, तिरिकी, काब्रास, त्सोत्सो, मारामा, किसा, सामिया, खायो, माराची, ताचोनी, न्याला अशी डझन-दीड डझन नावं या एका नावाखाली येतात. प्रत्येकाची आपली बोली आहे, आणि तिला बोली म्हणायचं की भाषा, इथूनच वाद सुरू होतो.

‘लुया’चा अर्थ पाहिला की ही गोष्ट उलगडायला लागते. गावातले जाणते लोक पहाटेच्या गारठ्यात उघड्यावर शेकोटी पेटवून तिच्याभोवती बसायचे. कुळाचे तंटे, जमिनीचे प्रश्न, लग्नाच्या बोलण्या तिथेच व्हायच्या. त्या जागेला ‘ओलुया’ म्हणत. आबालुया म्हणजे एका शेकोटीचे लोक. आपल्याकडचा चावडी हा शब्द जवळ जातो, पण चावडीत सरकारी कागदाचा वास आहे. ओलुयात नुसती ऊब आणि आपली माणसं.

मात्र या अर्थानं हे नाव फार जुनं नाही. शंभर वर्षांपूर्वी या भागातल्या माणसाला ‘तू कोण?’ असं विचारलं असतं, तर त्यानं आपलं कूळ सांगितलं असतं किंवा बुकुसू, लोगोली असं काही. इंग्रजांनी सगळ्यांना मिळून ‘बंटू कॅव्हिरोंडो’ असं दप्तरी नाव दिलं होतं. ते लोकांनी स्वतःसाठी निवडलेलं नव्हतं.

निवडायची वेळ जमिनीनं आणली. १९३० साली वसाहत सरकारनं कायदा करून आफ्रिकी लोकांच्या राखीव जमिनी कायम त्यांच्याच राहतील अशी हमी दिली. पुढच्याच वर्षी काकामेगाजवळ सोनं सापडलं आणि गोऱ्या खाणवाल्यांची रीघ लागली. १९३२च्या डिसेंबरात सरकारनं कायदा बदलला. खाणीसाठी जमीन घेतली तर बदल्यात जमीन देण्याची गरज उरली नाही. दोन वर्षांत हमी मोडली. मिशनच्या शाळांत शिकलेल्या तरुणांना तेव्हा लखकन दिसलं, की लोगोली एकटे बोलले किंवा इसुखा एकटे बोलले तर कुणी ऐकणार नाही. नॉर्थ कॅव्हिरोंडो सेंट्रल असोसिएशन या त्यांच्या संघटनेनं मग सगळ्यांना सामावेल असं नाव पुढे आणलं, आणि ते नाव शेकोटीचं होतं. जमीन वाचवण्यासाठी निघालेल्या माणसांना घराघरातली सगळ्यात ओळखीची जागा आठवावी, हे मला फार हृद्य वाटतं. १९४०च्या दशकापर्यंत आबालुया वेल्फेअर असोसिएशन उभी राहिली आणि नाव रुळलं.

एक नाव मिळालं. आता एक भाषा हवी, असं पुष्कळांना वाटू लागलं.

तोवर छापील भाषा कुठून आली होती, तर मिशनांकडून. मिशनांनी हा मुलूख आपसात वाटून घेतला होता. १९०२ साली अमेरिकेहून आलेले क्वेकर या ख्रिस्ती पंथाचे तीन मिशनरी कैमोसीला उतरले आणि त्यांचं काम मुख्यतः लोगोली, तिरिकी आणि पुढे बुकुसू भागात पसरलं. आज जगात सर्वाधिक क्वेकर केनियात आहेत, त्याचं मूळ हे. न्योरे भागात चर्च ऑफ गॉड होतं, बुतेरेकडे अँग्लिकन, मुमियासला कॅथलिक. प्रत्येकानं आपल्या दारातली बोली शिकून तिला रोमन लिपीत बसवलं. लोगोलीत एमरी रीस या अमेरिकन क्वेकरानं जोएल लितू या स्थानिक सहकाऱ्याच्या मदतीनं नवा करार भाषांतरित केला. तो १९२५ साली निघाला. लितूंचं नाव अशा इतिहासात मागे पडतं, पण कुठला शब्द घरात शोभेल आणि कुठला नाही, हे त्यांच्याशिवाय कोण सांगणार होतं?

१९४०च्या दशकात लुया भाषा समिती बसली. अँग्लिकन मिशनच्या ली ॲपल्बी यांनी शब्दसंग्रह तयार केला, व्याकरण लिहिलं. मधल्या भागातल्या बोली, म्हणजे वांगा, मारामा, किसा, त्सोत्सो या एकमेकींच्या बऱ्याच जवळच्या. त्यांचा पाया धरून सर्वांना समजेल असं लेखन ठरवायचं, असा बेत होता. बेत वाईट नव्हता. एकच पाठ्यपुस्तक छापता आलं असतं, एकच बायबल, एकच वर्तमानपत्र.

पण लोगोली आणि बुकुसू या दोन मोठ्या समाजांनी ते मनापासून कधीच स्वीकारलं नाही. लोगोलींची अडचण समजण्यासारखी आहे. त्यांच्या हातात स्वतःच्या भाषेतला नवा करार होता, प्रार्थनागीतं होती, त्यावर एक पिढी वाचायला शिकली होती. तिला आता ‘व’च्या जागी ‘ब’ आणि ‘क’च्या जागी ‘ख’ लिही म्हणायचं? कोंबडीला लोगोली ‘इंगोको’ म्हणतात, वांगा ‘इंगोखो’, बुकुसू ‘एंगोखो’. हा ‘ख’ आपल्या खडूतला नाही. उर्दूतल्या ‘ख़त’सारखा घशातून घासत येणारा आहे. खाणं हे क्रियापद लोगोलीत ‘कुलिया’, बुकुसूत ‘खुलिया’, वांगात ‘ओखुलिया’. कागदावर एका अक्षराचा फरक दिसतो. पण लुया घरात पाहुण्याला कोंबडी रांधणं हा मानाचा भाग आहे, तिचा गिझार्ड घरच्या कर्त्या पुरुषाला किंवा पाहुण्याला वाढायची रीत आहे. अशा ताटातल्या पदार्थाचं नाव आईच्या उच्चारातून सुटत नसतं.

बुकुसूंचं दुखणं जुनं होतं. वांगांकडे नाबोंगो मुमिया हा राजा होता. इंग्रज आले तेव्हा त्यानं त्यांच्याशी जमवून घेतलं. १८९५ साली लुंबोका आणि चेताम्बे इथल्या बुकुसूंच्या तटबंद्यांवर इंग्रजांनी हल्ला केला, तेव्हा वांगांची माणसं इंग्रजांच्या बाजूनं होती. १९०९ मध्ये मुमियाला सर्वांवरचा प्रमुख नेमलं गेलं आणि त्याच्या नात्यागोत्यातली माणसं दुसऱ्या समाजांवर अधिकारी म्हणून गेली. त्याचा सावत्र भाऊ मुरुंगा बुकुसूंच्या मुलखात जाऊन बसला. एवढं सोसल्यावर वांगांच्या बोलीच्या वळणाची भाषा शाळेत शिका, असं सांगितलं, तर ती निव्वळ व्याकरणाची गोष्ट राहत नाही. समिती भाषाशास्त्राच्या दृष्टीनं बरोबर असेलही. पण या जखमेचा तिनं पुरेसा विचार केला नाही, असं मला वाटतं.

लोगोलींचं संपूर्ण बायबल १९५१ मध्ये आलं, लुयांचं सामाईक बायबल १९७५ मध्ये. दोन्ही आजही वाचली जातात. शाळेतली प्रमाण लुया मात्र रुजली नाही.

मराठी वाचकाला इथे थांबून विचार करावासा वाटेल. आपल्याकडे आधी भाषा होती. ज्ञानेश्वरी, अभंग, ओव्या यांनी वऱ्हाडापासून कोकणापर्यंतच्या बोलींना एक सामाईक मजकूर दिला. मोल्सवर्थच्या १८३१च्या कोशानं आणि पुण्याकडच्या पंडितांनी प्रमाण मराठी घडवली तेव्हा त्याखाली साडेपाचशे वर्षांची बैठक होती. आणि भाषेच्या बळावर १९६० साली राज्य मिळालं. लुयांकडे असा सर्वांच्या ओठांवरचा एक ग्रंथ नव्हता. त्यांचा समाज भाषेतून निघाला नाही. तो शेताच्या बांधावरून उठला आणि तरीही टिकला.

मग या बोलींना जोडणारं काय आहे? व्याकरणाचा सांगाडा. या सगळ्या बंटू भाषा. कॅमेरूनपासून दक्षिण आफ्रिकेपर्यंत पसरलेल्या या कुळात सुमारे पाचशे भाषा मोडतात. माणूस म्हणजे लोगोलीत ‘मुंदू’, माणसं म्हणजे ‘वंदू’. वांगात ‘ओमुंदू’ आणि ‘अबंदू’. युगांडातल्या गांडा भाषेत ‘ओमुन्तू’, ‘अबान्तू’. कुळाचं बंटू हे नावच या शब्दावरून एकोणिसाव्या शतकात विल्हेल्म ब्लीक या जर्मन अभ्यासकानं रूढ केलं.

आपण शब्दाचं शेपूट बदलतो, हे लोक डोकं बदलतात. एक बुकुसू माणूस ‘ओमुबुकुसू’, अनेक ‘बबुकुसू’, त्यांची भाषा ‘लुबुकुसू’. तसंच ‘मुलोगोली’, ‘अवालोगोली’, ‘लुलोगोली’. आपल्याला तीन लिंगं सांभाळताना पुरे होतं. तो चांगला, ती चांगली, ते चांगलं. या भाषांत नामांचे वीसच्या आसपास वर्ग आहेत. माणसांचा एक, झाडांचा एक, लहान वस्तूंचा निराळा, आणि अनेकवचनाचे पुन्हा वेगळे. नाम ज्या वर्गाचं, त्याची खूण विशेषणावर, संख्येवर, क्रियापदावर उमटते. ‘अवाना ववीली’ पुन्हा म्हणून पाहा. दुसऱ्या शब्दाच्या सुरुवातीचा ‘व’ पहिल्या शब्दातल्या ‘व’चा हात धरून आला आहे. अख्खं वाक्य असं यमकात चालतं, आणि चार वर्षांचं पोर ते न चुकता बोलतं. त्यावर सुरांची चढउतार असते. भूतकाळही एकाच मापाचा नसतो. आत्ता घडलं, काल घडलं, फार पूर्वी घडलं, यांना क्रियापदाची वेगवेगळी रूपं आहेत.

शेजारही या भाषांत मुरलेला आहे. लुयांच्या पूर्वेला कालेनजिन आणि दक्षिणेला लुओ, दोघेही निलोटिक कुळाचे, म्हणजे भाषेच्या दृष्टीनं पार वेगळे. तरी बुकुसूंच्या वयोगटांची नावं पाहा. दर सम वर्षाच्या ऑगस्टात बुकुसू मुलांची सुंता होते. हातात घंटा वाजवत मुलगा स्वतः नातेवाइकांना आमंत्रण देत फिरतो, आणि विधीनंतर त्या काळाच्या वयोगटात जातो. कोलोंगोलो, मैना, चुमा, सावा अशी आठ नावं फिरून फिरून येतात. कालेनजिनांच्या वयोगटांतही कोरोंगोरो, मैना, चुमो, सावे आहेत. तिरिकींनी दीक्षाविधीच शेजारच्या तेरिक या कालेनजिन समाजाकडून घेतला. शतकानुशतकं गुरांवरून भांडलेल्या लोकांनी आयुष्याचा हिशेब एकाच नावांनी ठेवला.

आणि सरहद्द? १९०२ साली इंग्रजांनी युगांडाचा पूर्वेकडचा प्रांत केनियाच्या बाजूला जोडला. त्या रेघेनं बुकुसू इकडे राहिले आणि त्यांची भाषा सहज समजणारे मसाबा तिकडे. सामिया दोन्हीकडे विभागले गेले. तिकडच्या मसाबांना कुणी लुया म्हणत नाही. म्हणजे बुकुसूंच्या बोलीला सगळ्यात जवळची भाषा ‘लुया’च्या यादीबाहेर आहे, आणि दूरची लोगोली यादीत. लोगोलींना कित्येक भाषाशास्त्रज्ञ गुसी आणि कुरिया या लुयांबाहेरच्या बंटू समाजांच्या पंगतीला बसवतात. लोगोली आणि गुसी यांचे मूळपुरुष भाऊ होते, असं दोन्हींकडच्या दंतकथा सांगतात. तरी विहिगातल्या माणसाला विचाराल तर तो लुयाच आहे. त्याचं म्हणणं मी कुठल्याही वंशवृक्षापेक्षा वर धरीन.

केनियाच्या २०१०च्या घटनेनं स्वाहिलीला राष्ट्रभाषा केलं, स्वाहिली आणि इंग्रजीला राजभाषा, आणि स्थानिक भाषांच्या विकासाची जबाबदारी सरकारवर टाकली. ही तरतूद वाचताना मला केनियातल्या जुन्या शाळा आठवतात. तिथे मातृभाषेत बोलताना सापडलेल्या मुलाच्या गळ्यात लाकडाचा किंवा हाडाचा तुकडा अडकवत. दुसरं कुणी तसं बोलताना सापडलं, की तो त्याच्या गळ्यात जाई. संध्याकाळी ज्याच्याकडे तुकडा, त्याला मार. आता पहिल्या इयत्तांत परिसराच्या भाषेत शिकवावं असं धोरण आहे. पण काकामेगा शहरातल्या वर्गात इसुखा, बुकुसू, लोगोली आणि लुओ मुलं शेजारी बसतात. तिथे परिसराची भाषा कुठली? उत्तर बहुतेक स्वाहिली निघतं, आणि घरचा शब्द घरीच राहतो.

काकामेगाच्या आसपास इसुखा आणि इदाखो लोकांचं इसुकुती नावाचं नृत्य आहे. मोठा, मधला आणि धाकटा असे तीन ढोल, हरणाच्या शिंगाचा कर्णा आणि लोखंडी खुळखुळे. बारसं, लग्न, मर्तिक, सगळीकडे ते लागतं. २०१४ साली युनेस्कोनं ते तातडीनं जपण्याच्या यादीत घातलं, कारण जाणते म्हातारे होत चालले आणि मागे शिकणारे कमी. ढोल नवीन करता येतो, खुळखुळेही. पण त्या ठेक्यावर जे गायचं ते इसुखात आणि इदाखोत आहे. ते यायला कुणीतरी लहानपणी म्हाताऱ्यांच्या शेकोटीशी बसलेलं असावं लागतं.