रत्नागिरीच्या बोलींचे व्याकरण
रत्नागिरी परिसरातील संगमेश्वरी, बाणकोटी आणि चित्पावनी या बोलींची नोंद ग्रियर्सन यांच्या भारतीय भाषा सर्वेक्षणाच्या १९०५ सालच्या सातव्या खंडात झाली, तर अ. मा. घाटगे यांनी १९६५ मध्ये कुडाळीचे, म्हणजे तेव्हा याच जिल्ह्यात असलेल्या कुडाळ भागातील बोलीचे, स्वतंत्र वर्णन प्रसिद्ध केले. असे वर्णन स्वनिमांपासून, म्हणजे अर्थभेद घडवणाऱ्या ध्वनींपासून, सुरू होते. मराठीत दुनिया या अर्थाचे ‘जग’ आणि ‘जगणे’चे आज्ञार्थी ‘जग’ सारखेच लिहिले जात असले, तरी त्यांतील ‘ज’चे उच्चार भिन्न असल्याने ते दोन स्वनिम ठरतात. पुढे पदिमांची, म्हणजे सर्वांत लहान अर्थपूर्ण घटकांची, मांडणी येते. चित्पावनीतील ठळक अनुनासिक स्वरांचे असे तपशीलवार विश्लेषण ती बोलणारी माणसे आहेत तोवरच होणे अत्यंत गरजेचे आहे.