थेल्मा रिटर

थेल्मा रिटर (१४ फेब्रुवारी, १९०२ – फेब्रुवारी, १९६९) या अमेरिकन रंगभूमी, चित्रपट व दूरचित्रवाणी अभिनेत्री होत्या. मोलकरीण, परिचारिका, आई, फेरीवाली अशा श्रमजीवी स्त्रियांच्या सहाय्यक भूमिकांसाठी त्या ओळखल्या जातात. सर्वोत्कृष्ट सहाय्यक अभिनेत्रीच्या ऑस्कर पुरस्कारासाठी त्यांना सहा वेळा नामांकन मिळाले. या विभागातील हा विक्रम आहे. मात्र हा पुरस्कार त्यांना एकदाही मिळाला नाही.

प्रारंभिक जीवन

रिटर यांचा जन्म न्यू यॉर्क शहरातील ब्रुकलिन येथे झाला. अमेरिकन अकॅडमी ऑफ ड्रमॅटिक आर्ट्स या संस्थेत त्यांनी अभिनयाचे शिक्षण घेतले. १९२७ मध्ये त्यांचा विवाह जोसेफ मोरान यांच्याशी झाला. या दांपत्याला दोन अपत्ये झाली. चित्रपटात येण्यापूर्वी त्यांनी रंगभूमीवर आणि नभोवाणीवर काम केले.

चित्रपट कारकीर्द

वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षी, जॉर्ज सीटन दिग्दर्शित मिरॅकल ऑन थर्टीफोर्थ स्ट्रीट (१९४७) या चित्रपटातून त्यांनी पडद्यावर पदार्पण केले. मुलासाठी खेळणे शोधून दमलेल्या ग्राहक स्त्रीची ही भूमिका छोटी होती आणि श्रेयनामावलीत त्यांचे नाव नव्हते. जोसेफ मँकिएविट्झ यांच्या अ लेटर टू थ्री वाइव्ह्ज (१९४९) मधील मोलकरणीच्या भूमिकेलाही श्रेय मिळाले नाही. पुढच्याच वर्षी मँकिएविट्झ यांनी ऑल अबाउट ईव्ह मध्ये त्यांना बर्डी ही भूमिका दिली. बेटी डेव्हिस यांनी साकारलेल्या प्रख्यात नटीची ही मदतनीस असून, ईव्हच्या हेतूंविषयी सर्वप्रथम तिलाच संशय येतो. या भूमिकेने त्यांना पहिले ऑस्कर नामांकन मिळवून दिले.

द मेटिंग सीझन (१९५१) मध्ये त्यांनी हॅम्बर्गरचे दुकान गमावून मुलाकडे आलेल्या आईची भूमिका केली. नवी सून तिला मेजवानीसाठी बोलावलेली स्वयंपाकीण समजते आणि आई तो गैरसमज दूर करत नाही. संपूर्ण कथानक या पात्राभोवती फिरत असूनही भूमिकेची गणना सहाय्यक म्हणूनच झाली.

सॅम्युएल फुलर यांच्या पिकअप ऑन साउथ स्ट्रीट (१९५३) मधील मो ही त्यांची विशेष नावाजलेली भूमिका आहे. गळपट्टे विकणारी आणि पोलिसांना खबरा पुरवणारी ही वृद्धा, बेवारसांच्या दफनभूमीत आपले दफन होऊ नये म्हणून पै पै साठवत असते. आल्फ्रेड हिचकॉक यांच्या रिअर विंडो (१९५४) मध्ये त्यांनी पाय मोडल्याने घरात अडकलेल्या छायाचित्रकाराच्या स्पष्टवक्त्या परिचारिकेची, स्टेलाची, भूमिका केली.

पिलो टॉक (१९५९), द मिसफिट्स (१९६१) आणि बर्डमॅन ऑफ अल्कट्राझ (१९६२) हे त्यांचे नंतरच्या काळातील उल्लेखनीय चित्रपट होत. यांपैकी शेवटच्या चित्रपटात त्यांनी कैद्याच्या करारी आणि मुलावर हक्क गाजवणाऱ्या आईची भूमिका केली. हे पात्र त्यांच्या नेहमीच्या विनोदी भूमिकांहून वेगळे होते. १९६८ मध्ये प्रदर्शित झालेला त्यांचा अखेरचा चित्रपट, व्हॉट्स सो बॅड अबाउट फीलिंग गुड?, हाही सीटन यांनीच दिग्दर्शित केला होता.

दूरचित्रवाणी व रंगभूमी

पॅडी चायेफ्स्की लिखित अ केटर्ड अफेअर या १९५५ च्या दूरचित्रवाणी नाटकात रिटर यांनी मुलीच्या लग्नाचा खर्च ऐपतीबाहेर नेणाऱ्या आईची मध्यवर्ती भूमिका केली. तिच्यासाठी त्यांना एमी पुरस्काराचे नामांकन मिळाले. पुढील वर्षी या नाटकावर चित्रपट निघाला, तेव्हा ही भूमिका बेटी डेव्हिस यांनी केली. १९५५ च्या ऑस्कर सोहळ्यात हॉलिवूडमधील सूत्रसंचालन बॉब होप यांच्याकडे, तर न्यू यॉर्कमधील सूत्रसंचालन रिटर यांच्याकडे होते.

न्यू गर्ल इन टाउन या युजीन ओनील यांच्या नाटकावर आधारित संगीतिकेसाठी १९५८ मध्ये त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा टोनी पुरस्कार मिळाला. त्याच संगीतिकेतील सहकलाकार ग्वेन व्हर्डन यांच्यासह तो विभागून देण्यात आला.

ऑस्कर नामांकने

पुढील यादीत चित्रपटाचे वर्ष, रिटर यांचा चित्रपट आणि त्या वर्षीची विजेती अभिनेत्री दिली आहे.

* १९५० – ऑल अबाउट ईव्ह (विजेती: जोसेफिन हल)
* १९५१ – द मेटिंग सीझन (विजेती: किम हंटर)
* १९५२ – विथ अ साँग इन माय हार्ट (विजेती: ग्लोरिया ग्रॅहॅम)
* १९५३ – पिकअप ऑन साउथ स्ट्रीट (विजेती: डोना रीड)
* १९५९ – पिलो टॉक (विजेती: शेली विंटर्स)
* १९६२ – बर्डमॅन ऑफ अल्कट्राझ (विजेती: पॅटी ड्यूक)

निधन

फेब्रुवारी १९६९ मध्ये न्यू यॉर्क येथे हृदयविकाराच्या झटक्याने त्यांचे निधन झाले. त्यांची चित्रपट कारकीर्द सुमारे एकवीस वर्षांची होती.