*फरकाचं मोठं वीजबिल आलंय? घाईनं भरू नका, दुर्लक्षही करू नका*



साडेसात एचपीपर्यंतच्या शेतीपंपाचं चालू बिल एप्रिल २०२४ पासून शासनाच्या मोफत वीज योजनेत आहे. पण चाकण, म्हाळुंगे, कुरुळी, मोशी भागात आपल्या अनेकांच्या भाड्याच्या खोल्या, गाळे, पोल्ट्री, दुधाचे कूलर आहेत. त्यांची कनेक्शनं वेगळी. तिथं अचानक 'मागील फरक' म्हणून मोठी रक्कम लागली तर काय करायचं?

*आधी बिल कशाचं आहे ते ओळखा*

१) *मीटर सदोष:* मीटर तपासणीची लेखी मागणी करा. तपासणी अहवालाप्रमाणे जास्तीत जास्त मागच्या ३ महिन्यांचीच दुरुस्ती करता येते. अहवालाची प्रत मागून घ्या.

२) *महावितरणची चूक* (गुणक किंवा दरवर्ग चुकीचा लागला): मुंबई उच्च न्यायालयाच्या मोठ्या पीठानं १२ मार्च २०१९ रोजी सांगितलं, की पहिली मागणी केल्याच्या तारखेपासून मागे २ वर्षांपेक्षा जुन्या वापराचे पैसे मागता येत नाहीत.

पण एवढ्यावर विसंबू नका. राजस्थानात २००९ ते २०११ चा फरक २०१४ मध्ये मागितला गेला. सर्वोच्च न्यायालयानं फेब्रुवारी २०२० मध्ये ठरवलं, की चूक उशिरा सापडली तर मागणी करता येईल, मात्र त्यासाठी वीज तोडता येणार नाही. २०२१ मध्ये तर गुणक चुकल्याच्या प्रकरणात एक कारखानदार तिथं हरला. म्हणून वेळेत लेखी तक्रार हाच खरा आधार.

३) *अनधिकृत वापर (कलम १२६) किंवा वीजचोरी (कलम १३५):* याची वाट वेगळी आहे. ग्राहक मंच ही प्रकरणं घेत नाही. १२६ च्या तात्पुरत्या आकारणीवर लगेच लेखी हरकत द्या. अंतिम आदेशावर अपील ३० दिवसांत, तेही निम्मी रक्कम भरून.

*वीज तुटू नये म्हणून*

वीज कायदा २००३, कलम ५६ प्रमाणे थकबाकीसाठी वीज तोडण्याआधी १५ दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते. वाद चालू असताना मागितलेली रक्कम किंवा मागच्या ६ महिन्यांच्या सरासरीनं दरमहा होणारं बिल, यांपैकी जे कमी ते *हरकत कायम ठेवून* भरलं, तर वीज तोडता येत नाही.

उदा. नेहमीचं बिल सरासरी ३,१०० रुपये आणि या वेळी ४८,००० आलं. ३,१०० भरा. सोबत "वादग्रस्त बिल, हरकत राखून भरणा" असं पत्र द्या. काहीच न भरता बसलात, तर हे संरक्षण मिळत नाही.

*तक्रार कुठं करायची?*

• पहिल्यांदा महावितरणच्या कार्यालयात लेखी अर्ज. शिक्का मारलेली पोच घ्या. १९१२ वर फोन केला तरी लेखी अर्ज द्याच.
• दाद नाही मिळाली, तर पुणे परिमंडळाचा ग्राहक तक्रार निवारण मंच. वादाचं कारण घडल्यापासून २ वर्षांच्या आत जायला हवं. वकिलाची गरज नाही.
• मंचाचा निकाल मान्य नसेल, तर ६० दिवसांत मुंबईच्या विद्युत लोकपालाकडे.

*आजच करा*

मीटरचा आकडा आणि मीटर नंबर दिसेल असा फोटो दर महिन्याला एकाच तारखेला काढून ठेवा. मागच्या १२ महिन्यांची बिलं आणि भरल्याच्या पावत्या एका फाईलमध्ये लावा. भाडेकरूच्या भरवशावर बिल सोडू नका. कनेक्शन तुमच्या नावावर, तर थकबाकीही तुमच्याच नावावर.

अर्ज लिहायला अडचण आली, तर बिल, नोटीस आणि फोटो घेऊन आपल्या कंपनीच्या कार्यालयात या. नोटीस आली असेल तर उद्यावर टाकू नका, १५ दिवस पटकन जातात.

– आपली शेतकरी उत्पादक कंपनी