गर्दीच्या काशीतली माणसं गेली कुठे?

काशीला जाऊन आलेल्या एखाद्या आजीला विचारा, “तिथं काय पाहिलंत?” ती आधी गर्दीच सांगेल. स्नानाला उतरलेले यात्रेकरू, मोठाल्या छत्र्यांखाली बसलेले पंडे, नावाडी, गाई आणि मणिकर्णिकेवर रात्रंदिवस जळणाऱ्या चिता. आता गंमत बघा. याच काशीनं एका चित्रकाराच्या चित्रांतून माणसं पुसून टाकली!

त्यांचं नाव रामकुमार. जन्म १९२४ सालचा, सिमल्याचा. अर्थशास्त्र शिकले, बँकेत नोकरीला लागले आणि ती सोडून चित्रकला शिकायला थेट पॅरिसला गेले. (आईबाबांनो, दचकू नका!) हिंदीत कथाही लिहायचे. तेव्हा ते माणसंच रंगवत. शहरातली, एकेकटी, उदास, नजर हरवलेली.

१९६० साली ते काशीला गेले. सोबत होते मकबूल फिदा हुसेन, आपल्या पंढरपूरचे.

काशीत गंगा दक्षिणेकडून उत्तरेकडे वाहते. घाट सगळे पश्चिम काठावर, समोर नुसती वाळू. नावेतून पाहिलं की पायऱ्यांवर पायऱ्या, त्यांवर वाडे आणि देवळं, जणू एकमेकांच्या खांद्यावर चढलेली. (यांतले काही घाट होळकर, शिंदे, नागपूरकर भोसले यांचे, बरं का!) आता एक करा. डोळे अर्धवट मिटून बाजाराकडे बघा. नाक-डोळे दिसेनासे होतात, उरतात उजेड-अंधाराचे तुकडे. रामकुमारांची काशी तशीच आहे. राखाडी, तपकिरी घरांचे चौकोन, खिडक्यांच्या जागी काळोख, खाली पाण्याचा पट्टा. माणूस नाही.

मग माणसांचं दुःख कुठं गेलं? एकाचं दुःख एका चेहऱ्यात मावतं. पण जिथं रोज चिता पेटतात, मरण यावं म्हणून म्हातारी माणसं येऊन राहतात, तिथं कुणाकुणाचा चेहरा काढायचा? मला वाटतं, म्हणून त्यांनी ते घरांकडूनच बोलवून घेतलं. त्या मुक्या, बिनदाराच्या घरांकडे बघताना पोटात कसंतरी होतं.

हुसेन त्याच घाटांवर हिंडले, पण ते पुढेही माणसं आणि घोडे रंगवत राहिले. रामकुमारांच्या चित्रांत मात्र हळूहळू घरंही विरघळली, नुसते रंगांचे पट्टे उरले. २०१८ साली ते गेले. दिल्लीच्या राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयाकडे त्यांची चित्रं आहेत. कधी बघायला मिळाली, तर आधी चार पावलं मागं सरका आणि मग त्यात नदी शोधा.