साताऱ्याचे तीन मुख्यमंत्री आणि मुंबईचा अपुरा फ्रीवे

विल्बर स्मिथ या अमेरिकी सल्लागार कंपनीकडे १९६२ मध्ये मुंबईच्या वाहतुकीची पाहणी सोपवली गेली, तेव्हा राज्याचे मुख्यमंत्री होते यशवंतराव चव्हाण. जन्म देवराष्ट्रेचा, कर्मभूमी कराड. देवराष्ट्रे तेव्हाच्या सातारा जिल्ह्यातले, आज ते सांगलीत मोडते. डिसेंबर १९६३ मध्ये अहवाल आला, तोवर यशवंतराव संरक्षणमंत्री होऊन दिल्लीला गेले होते.

कचेऱ्या दक्षिण टोकाला, वस्ती उत्तरेकडे सरकणारी. त्यावर अहवालाचा तोडगा होता सिग्नल नसलेल्या रस्त्यांचा: पश्चिमेला समुद्रालगत एक फ्रीवे, पूर्वेला बंदराच्या बाजूने दुसरा. मात्र पुढे राज्याने एकाच वेळी दोन उलट गोष्टी केल्या. १९७० मध्ये सिडको स्थापून खाडीपलीकडे नवे शहर उभारायला घेतले आणि त्याच सुमारास नरीमन पॉइंटला भराव घालून कचेऱ्यांचे मनोरेही उठवले. गर्दी दक्षिणेकडेच वाहत राहिली, फ्रीवे कागदावर राहिला.

नंतर तो तुकड्यातुकड्याने आला. वांद्रे-वरळी सागरी सेतूची पायाभरणी १९९९ ला झाली, ५.६ किलोमीटरसाठी २००९ उजाडले. वरळी ते हाजी अली हा त्याचा पुढचा टप्पा कंत्राट देऊनही बांधला गेला नाही. कराडचेच पृथ्वीराज चव्हाण मुख्यमंत्री असताना २०११ मध्ये नेमलेल्या समितीने सेतूऐवजी किनारी रस्ता सुचवला आणि पश्चिम फ्रीवेचा मूळ आराखडा तिथेच मागे पडला. पूर्व मुक्त मार्गाचा पहिला टप्पाही जून २०१३ मध्ये त्यांच्याच कारकिर्दीत खुला झाला.

हा पूर्व मार्ग पी. डि'मेलो रस्त्यावरून उठतो. शेजारच्या मशीद बंदरच्या बाजारात पाटण, जावळी, शिराळ्याकडच्या माणसांनी पिढ्यान्‌पिढ्या पाठीवर पोती वाहिली, रात्री गावकऱ्यांच्या सामाईक खोलीत दाटीने पथारी टाकली. त्यांच्यासाठी पाटण तालुक्यातल्याच अण्णासाहेब पाटलांनी संघटना बांधली आणि १९६९ चा माथाडी कायदा झाला. पुढे घाऊक बाजार टप्प्याटप्प्याने खाडीपलीकडे वाशीला गेला, माथाडीही गेले. बंदराच्या मालासाठी मोलाचा ठरला असता असा रस्ता तयार झाला, तेव्हा ओझे दुसरीकडे सरकले होते.

११ मार्च २०२४ रोजी किनारी रस्त्याच्या पहिल्या टप्प्याचे उद्घाटन झाले. मुख्यमंत्री होते एकनाथ शिंदे. मूळ गाव महाबळेश्वर तालुक्यातले दरे. राजकारणात येण्यापूर्वी त्यांनी ठाण्यात रिक्षा चालवली होती. या रस्त्यावर रिक्षाला मज्जाव आहे, दुचाकीलाही; सागरी सेतूवरही तेच. वरळीच्या कोळ्यांना तर होड्या सुखरूप जाव्यात म्हणून किनारी रस्त्याच्या पुलाच्या दोन खांबांत १२० मीटरचे अंतर मिळवायला झगडावे लागले.

फ्रीवे रखडला म्हणून हळहळणारे पुष्कळ भेटतात. पण साठ वर्षांत जे तुकडे पुरे झाले, त्यांचे मुख्य गिऱ्हाईक मोटारवाला आहे. सातारा-सांगलीहून मुंबईत आलेला कष्टकरी अहवालाच्या आधी एसटीने आणि रेल्वेने यायचा, आजही तसाच येतो. मूळ नकाशा उद्या पुरा झाला, तरी त्याच्या प्रवासातली पाच मिनिटेही वाचणार नाहीत.