सांदणच्या दरीत, वाटाड्याच्या मागे

नगर जिल्हा म्हटले की बाहेरगावच्या माणसाला साखर कारखाने आठवतात, शिर्डी आठवते, फार तर दुष्काळ आठवतो. डोंगर सहसा कुणाला आठवत नाहीत. वास्तविक महाराष्ट्रातले सर्वांत उंच शिखर कळसूबाई, १६४६ मीटर, आपल्या अकोले तालुक्यात आहे. रतनगड, हरिश्चंद्रगड आपल्याकडे आहेत. आणि कोकणकड्याच्या काठावर साम्रद नावाच्या छोट्या गावाशेजारी जमिनीला पडलेली एक भेगही आहे. तिला सांदण म्हणतात. आज मला तिच्याविषयी सांगायचे आहे; आणि खरे सांगायचे तर तिच्यापेक्षा जास्त, तिथे आपल्याला घेऊन जाणाऱ्या माणसाविषयी.

नगरहून निघालात तर संगमनेर, अकोले, राजूर, शेंडी असे करत साम्रद गाठायला पाच तास सहज मोडतात. मुंबईकरांना कसारा-घोटीमार्गे जवळ पडते. या प्रवासात एक गंमत दिसते. पाथर्डी-कर्जतकडे वर्षाला जेमतेम पाचशे-सहाशे मिलिमीटर पाऊस पडतो, आणि त्याच जिल्ह्यातल्या घाटघरला एखाद्या वर्षी पाच हजारांचा आकडा ओलांडला जातो. म्हणून घाटघरला नगरची चेरापुंजी म्हणतात. पण हेच साम्रद-घाटघरचे पठार तुम्ही मे महिन्यात पाहा. गवत जळून पिवळे झालेले, ओढे कोरडे, मैलभर नुसता काळा कातळ तापलेला. अनवाणी पाय टेकवणार नाही. वाळू तेवढी नाही, बाकी वाळवंटच. इतका पाऊस पडून पाणी थांबत नाही, कारण खडक ते पिऊन घेत नाही. सगळे कोकणात नाही तर भंडारदऱ्याच्या जलाशयात निघून जाते. हा न पिणारा खडक लक्षात ठेवा, पुढे त्याचे काम आहे.

आता सांदण म्हणजे काय? कोकणातल्या मंडळींना सांदण म्हटले की फणसाच्या रसात वाफवलेली सांदणे आठवतील, ती वेगळी. सांद म्हणजे दोन वस्तूंमधली चिंचोळी जागा. सांदीकोपरा हा शब्द आपण रोज वापरतो. ही तशीच डोंगरातली सांद आहे: दीड-दोन किलोमीटर लांब, दोनशे ते चारशे फूट खोल, आणि काही ठिकाणी इतकी अरुंद की दोन्ही हात पसरले तर दोन्ही भिंतींना लागावेत. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्ह्याचे थर एकावर एक पसरत गेले आणि दख्खनचे पठार तयार झाले. लाव्हा थिजताना आकसला, त्याला भेगा पडल्या. भेगेत पाणी शिरते, खडक कुजवते, ढिला झालेला तुकडा पुढच्या पावसाळ्यात वाहून नेते. हे काम किती लाख पावसाळे चालले असेल त्याची कल्पना करा. थोडक्यात, आपण ज्याला दरी म्हणतो आणि जिच्यात फोटो काढायला जातो, ती मुळात पाण्याची वाट आहे. आपण तिथे पाहुणे.

मी तिथे पहिल्यांदा गेलो मे २०१७ मध्ये. आम्ही सहाजण होतो, सगळे पन्नाशीच्या पुढचे. एक मास्तर, म्हणजे मी, एक निवृत्त बँक अधिकारी, बाकीचे व्यापारी. गावातल्या एका घरी उतरलो होतो. रात्री पिठले-भाकरी झाली आणि घरमालकाने शेजारच्या एका गृहस्थांना बोलावून आणले. वय साठीच्या आसपास, अंगाने काटकुळे, पायात झिजलेली चप्पल. हे तुमचे वाटाडे. सगळे त्यांना मामा म्हणत होते, आम्हीही म्हणू लागलो. मामांनी एकच गोष्ट सांगितली, ‘सकाळी सहाला निघायचं.’ आम्ही हो म्हटले. सकाळी चहा झाला, पोहे झाले, कुणाचा कॅमेरा चार्ज व्हायचा होता, कुणाला रतनगडाच्या खुट्ट्यासमोर सगळ्यांचा फोटो हवा होता. निघालो तेव्हा दहा वाजले होते. मामा ओसरीवर बसून होते. बोलले काही नाहीत.

दरीत उतरल्यावर पहिल्या पाच मिनिटांत उन्हाळा संपतो. वर चाळीस अंशांची काहिली आणि खाली माठाजवळ बसल्यासारखा गारवा. रस्ता असा नाहीच. एकावर एक पडलेले धोंडे. काही टेबलाएवढे, काही खोलीएवढे. मामा चपलेत भराभर पुढे जात होते आणि आम्ही महागडे बूट घालून चारी पायांवर. त्यांनी दोन गोष्टी बजावल्या होत्या. एक, जो धोंडा गुळगुळीत आणि काळा दिसतो त्याच्यावर पाय टाकायचा नाही, शेवाळ वाळलेले असले तरी दगा देते. दुसरी, मोठ्याने ओरडायचे नाही. त्याचे कारण मला वाटले त्याहून साधे निघाले. वर कड्यावर वानरे असतात, गडबड झाली की पळतात आणि त्यांच्या पायाने सुटलेला दगड तीनशे फुटांवरून खाली येतो. शिवाय कपारीला आग्या मोहोळ असते. आमच्यातल्या एकाने अत्तर लावले होते. मामांनी त्याला ओढ्याच्या डबक्यावर नेऊन मान-मनगटे धुवायला लावली. भरल्या बाजारपेठेत ज्यांचे दुकान आहे असे गृहस्थ निमूटपणे मान धूत बसले होते.

वाटेत पाण्याची दोन डबकी लागतात. हिवाळ्यात कमरेच्या वर पाणी असते, सामान डोक्यावर घेऊन जावे लागते. आम्हाला ढोपरभरच लागले. दुसऱ्या डबक्यापाशी मामा थांबले आणि त्यांनी काठीने भिंतीवर वर बोट दाखवावे तसे दाखवले. माझ्या डोक्याच्याही वर, आणखी एक माणूस उभा राहील इतक्या उंचीवर, कपारीत वाळक्या काटक्या, पालापाचोळा आणि एक फाटके गोणपाट अडकलेले होते. मी म्हटले, पाखराचे घरटे का? मामा म्हणाले, ‘गेल्या साली पाणी तिथवर होतं.’ तोपर्यंत दरी मला सुंदर वाटत होती. त्यानंतरही सुंदरच वाटली, पण मी भिंतींवर पकड कुठे आहे ते पाहू लागलो. कुठेच नव्हती.

तिथून थोडे पुढे गेलो असू. मामा एकदम उभे राहिले. नाक वर करून वास घेतल्यासारखे केले. मग वळून म्हणाले, ‘माघारी फिरा.’ दरीचे तोंड, जिथे ती कोकणात उघडते आणि समोर आजोबाचा डोंगर दिसतो, ते अगदी जवळ आले होते. आमचे बँकवाले मित्र रागावले. त्यांनी वर बघितले. दोन भिंतींच्या मध्ये निळ्या आभाळाची एक चिंधी दिसत होती. ते म्हणाले, ‘अहो मामा, ढग कुठंय? आभाळ स्वच्छ आहे.’ मामांनी विचारले, ‘तुम्हाला इथनं आभाळ केवढं दिसतंय?’

यावर उत्तर नव्हते. मामांना मागून, म्हणजे पठाराकडून, गार वारा लागला होता आणि त्याला ओल्या मातीचा वास होता. आदल्या दिवशी संध्याकाळी कुलंगच्या अंगाला आभाळ भरून आलेले त्यांनी पाहिले होते. मे महिन्यातला वळीव दुपारनंतर येतो, म्हणून तर सहाला निघायचे होते. आम्ही परत फिरलो. बँकवाले पूर्ण वाट बोलले नाहीत.

आता त्या न पिणाऱ्या खडकाकडे या. एक साधे गणित करून पाहा. एक चौरस किलोमीटर कातळ घ्या. त्याच्यावर फक्त एक इंच पाऊस पडला, तर ते पाणी होते सुमारे अडीच कोटी लिटर. आपल्याकडे टँकरची भाषा सगळ्यांना समजते, तेव्हा दहा हजार लिटरचे अडीच हजार टँकर. मातीत मुरायला माती नाही, अडवायला झाडी विरळ. हे सगळे पाणी उताराने एकाच फटीकडे धावते, आणि त्या फटीत तुम्ही उभे आहात. तुमच्या डोक्यावर थेंबही पडलेला नसतो.

हे मी भीती घालायला सांगत नाही. असे घडलेले आहे. अमेरिकेत अ‍ॅरिझोना राज्याच्या वाळवंटात अँटिलोप कॅन्यन नावाची अशीच अरुंद दरी आहे. खडक वेगळा, वालुकाश्म. लाल-केशरी रंगाचा, त्याचे फोटो तुम्ही कॅलेंडरवर पाहिले असतील. १२ ऑगस्ट १९९७ रोजी तिथे अचानक पाण्याचा लोंढा आला आणि ११ पर्यटक मृत्युमुखी पडले. वादळी पाऊस झाला होता तो काही मैल वरच्या बाजूला. काही पर्यटकांबरोबर सहल कंपनीचा मार्गदर्शकही होता. ही जमीन नावाहो आदिवासींची आहे. आज त्यांच्या परवानगीने चालणाऱ्या वाटाड्याशिवाय तिथे कुणालाही पाऊल टाकता येत नाही. जॉर्डनमधल्या पेट्रा या प्राचीन नगरीची वाटही अशीच चिंचोळ्या घळीतून जाते, आणि १९६३ साली तिथल्या लोंढ्यात वीसहून अधिक फ्रेंच प्रवासी वाहून गेले होते. एवढ्या लांब कशाला जायचे? ३० जून २०२४ रोजी लोणावळ्याच्या भुशी धरणामागच्या धबधब्यात एकाच कुटुंबातले पाचजण वाहून गेले, ते सगळ्यांनी टीव्हीवर पाहिले आहे.

आमच्या गोष्टीत मात्र असे काही नाट्य घडले नाही. वर येऊन ओसरीवर बसलो. दोन वाजले, तीन वाजले. चारच्या सुमाराला लांब कुलंगकडे गडगडले, साम्रदला मोजून वीस थेंब पडले. दरीत पाणी आले नाही. बँकवाल्यांनी घड्याळाकडे बघितले, मग माझ्याकडे. आणि पैशांचा विषय निघाला. त्यांचे म्हणणे असे, की ठरले होते दरीच्या तोंडापर्यंत न्यायचे, नेले अर्ध्यापर्यंत, तेव्हा पैसेही अर्धेच द्यावेत. हिशेबी माणूस, हिशेबाला चूक म्हणता येईना. मामा अंगणातच बसले होते, त्यांना सगळे ऐकू येत होते. ते काडीने जमिनीवर रेघा ओढत बसले.

मला त्या वेळी जे सुचले ते मी बोललो, आणि आजही माझे तेच मत आहे. वाटाड्याला आपण वाट दाखवण्याचे पैसे देतो असे आपण समजतो. दरीची वाट तर आंधळ्यालाही सापडेल, दोन्हीकडे भिंती आहेत. पैसे आहेत ते ‘माघारी फिरा’ म्हणण्याचे. परत फिरलो म्हणून आपण मजुरी कापली, तर पुढच्या खेपेला ओल्या मातीचा वास आला तरी हा गरीब माणूस क्षणभर विचार करील. घरी तांदूळ आहे की नाही याचा विचार करील. कदाचित म्हणेल, जाऊ पुढं, होत नाही काही. तो क्षण आपणच पैसे वाचवून विकत घेतलेला असतो. यावर बराच वाद झाला. शेवटी पूर्ण पैसे दिले. बँकवाल्यांनी आपला वाटा दिला, पण मोजून, नोटा सरळ करून.

तुमच्यापैकी कुणाला जायचे असेल तर मोसम नोव्हेंबर ते एप्रिल. मेमध्ये जाल तर पहाटे निघा आणि अकराच्या आत वर या. पावसाळ्यात वनविभाग दरीत उतरू देत नाही, तेव्हा पाठीमागच्या दाराने नेतो म्हणणारा कुणी भेटला तर त्याला नमस्कार करा. हा सगळा प्रदेश १९८६ पासून कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्यात येतो. मोबाईलच्या रेंजवर विसंबू नका. पाय मुरगळला तर झोळी करून वर आणावे लागते आणि दवाखाना राजूरला. दरीच्या तोंडापासून पुढे दोर लावून कोकणात देहण्याकडे उतरता येते आणि करोली घाटाने परत साम्रदला चढता येते, पण तो दोन दिवसांचा, सराव असलेल्यांचा कार्यक्रम आहे. पुण्या-मुंबईच्या संस्था तो करतात. त्यांना एक प्रश्न अवश्य विचारावा: साम्रदचा माणूस बरोबर आहे का? शहरातला तरबेज गिर्यारोहक दोराच्या गाठी मामांपेक्षा चांगल्या मारील, पण काल संध्याकाळी कुलंगच्या अंगाला आभाळ कसे होते हे त्याला माहीत नसते. वाटाडा गावातूनच घ्यावा, आदल्या रात्री घ्यावा, पैसे आधी बोलून ठेवावेत, आणि परत फिरलो तरी तेवढेच देणार हे त्याला आधी सांगावे. त्याच्या घरी जेवलात तर आणखी चांगले. इथे शेती म्हणजे एका पावसाळ्याचे भात आणि नागली. काजव्यांच्या दिवसांत आणि हिवाळ्याच्या सुट्यांत येणारे पर्यटक हाच पुष्कळांचा वरचा पैसा आहे.

त्या रात्री आम्ही मुक्काम वाढवला. दुसऱ्या दिवशी पहाटे साडेपाचला मी उठलो तर अंगणात बॅटरी घेऊन बँकवाले बूट बांधून तयार, मामांसाठी चहाचा पेला हातात. सहाला निघालो. साडेआठला दरीच्या तोंडाशी होतो. समोर ऊन आजोबाच्या डोंगरावर आले होते, खाली कोकण अजून सावलीत. बँकवाले मामांना विचारत होते, तो वारा नेमका कुठून लागला होता. मामा त्यांना उभे करून, खांद्याला धरून, तोंड कुठे करायचे ते दाखवत होते.